सोपाऱ्याच्या शिळा आणि रोजचा सुविचार

शाळेच्या फळ्यावर लिहिला जाणारा सुविचार, दिनदर्शिकेच्या पानावरील थोरांचे वचन आणि ‘शुभ सकाळ’च्या संदेशाबरोबर मोबाइलवर येणारे वाक्य ही सारी आजची रूपे असली, तरी मोजक्या शब्दांत जगण्याची दिशा लोकांपुढे ठेवण्याची रीत वसई-विरारच्या भूमीत सव्वादोन हजार वर्षांपूर्वीच अवतरली होती. आजचे नालासोपारा हे प्राचीन काळी शूर्पारक या नावाने ओळखले जाणारे भरभराटीचे बंदर होते आणि इ. स. पूर्व तिसऱ्या शतकात मौर्य सम्राट अशोकाने आपले धर्मविचार जेथे जेथे शिळांवर कोरविले, त्या स्थळांत त्याचा समावेश होता.

अशोकाच्या प्रमुख शिलालेखांची संख्या १४ असून, त्यांपैकी आठव्या लेखाचा तुकडा १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांना सोपाऱ्यात मिळाला, तर नवव्या लेखाचा भाग १९५६ मध्ये जवळच्या भुईगाव येथे सापडला. हे लेख ब्राह्मी लिपीत व प्राकृतात, म्हणजे लोकव्यवहाराला जवळच्या भाषेत आहेत. नवव्या लेखाचा आशय असा, की आजारपण, विवाह, अपत्यजन्म किंवा प्रवास अशा प्रसंगी लोक नाना प्रकारचे मंगलविधी करतात. ते करण्यास हरकत नाही, परंतु त्यांचे फळ अल्प असते. सेवकांशी योग्य वर्तन, गुरुजनांचा आदर, प्राणिमात्रांविषयी संयम आणि श्रमण-ब्राह्मणांना दान हेच खरे मंगल होय. या उपदेशात अमूर्त सद्गुणांची नुसती स्तुती नाही, तर माणूस कोणत्या प्रसंगी काय करतो आणि त्याऐवजी काय करावे, हे नेमकेपणाने सांगितले आहे. त्याचे सामर्थ्य या नेमकेपणातच आहे.

सोपाऱ्याचे लेख खंडित असूनही त्यांचा अर्थ लागला, कारण तेच लेख गिरनार, कालसी यांसारख्या ठिकाणी बऱ्याच अंशी पूर्ण स्वरूपात टिकून होते. सुविचाराचेही असेच असते. थोर विचारवंताचे एखादे वाक्य हा एका दीर्घ चिंतनाचा तुकडा असतो आणि ते चिंतन नजरेआड झाले, की त्याच वाक्याला हवा तो अर्थ चिकटवता येतो. स्वतः अशोकानेही चौदाव्या लेखात आपले लेख कोठे संक्षिप्त, कोठे मध्यम, तर कोठे विस्तृत असल्याचे नमूद केले असून, काही गोष्टी लोकांनी तसे वागावे म्हणून पुनःपुन्हा सांगितल्याचेही म्हटले आहे.

संक्षेप आणि संदर्भ यांचे हे नाते मराठीच्या आरंभकाळातील महानुभाव ग्रंथकारांनीही जाणले होते. केसोबासांनी तेराव्या शतकातील चक्रधरस्वामींची वचने ‘सूत्रपाठा’त संकलित केली आणि ‘दृष्टांतपाठा’त सूत्र, दृष्टांत व दार्ष्टांतिक अशी त्रिपदरी मांडणी केली. यातील सूत्र म्हणजे थोडक्यात सांगितलेले तत्त्व, दृष्टांत म्हणजे ते स्पष्ट करणारी छोटी कथा आणि दार्ष्टांतिक म्हणजे त्या कथेचा मूळ तत्त्वाशी जुळवून दाखविलेला अर्थ. सूत्र पाठ करण्यास सोपे असते, पण ते उमगण्यासाठी उरलेल्या दोन पायऱ्या चढाव्या लागतात, हे या रचनेमागील शहाणपण आजही तितकेच उपयोगी आहे.

आज ते अधिकच निकडीचे झाले आहे, कारण गौतम बुद्ध, विवेकानंद, आइन्स्टाइन किंवा डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नावावर त्यांनी कधीही न उच्चारलेली वाक्ये सर्रास फिरतात आणि नावाच्या वजनामुळे ती तपासावीत असे कोणाला वाटत नाही. म्हणून एखादे वचन मनाला भिडले, तर ते कोणत्या ग्रंथातील वा भाषणातील आहे, कोणत्या परिस्थितीत व कोणाला उद्देशून सांगितले गेले आणि त्यानुसार आपल्या वागण्यात नेमका कोणता बदल करावा लागेल, हे तीन प्रश्न वाचकाने स्वतःला विचारावेत. फळ्यावर सुविचार लिहिणाऱ्या शाळांनी दररोज नवे वाक्य देण्याऐवजी एकच वचन आठवडाभर ठेवून त्याचा लेखक, प्रसंग आणि आचरण यांवर विद्यार्थ्यांना बोलते केले, तर पाठांतराची जागा विचार घेईल आणि अल्पाक्षरी वचनांमागे दडलेले विपुल ज्ञान नव्या पिढीच्या हाती खऱ्या अर्थाने लागेल.