नुकसानभरपाईचा आदेश आणि त्याची वसुली

फौजदारी खटल्यात आरोपीला शिक्षा सुनावताना न्यायालय पीडिताला किंवा त्याच्या कुटुंबाला नुकसानभरपाई देण्याचाही आदेश देऊ शकते, हे आता बहुतेकांना ठाऊक असते. परंतु त्या आदेशातील रक्कम प्रत्यक्ष हाती कशी पडते, आणि ती न भरणाऱ्याचे पुढे काय होते, याविषयी मात्र मोठे अज्ञान आढळते. 1973 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम 357 ची तरतूद 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम 395 म्हणून आली असून तिचे दोन भाग आहेत. आरोपीला दंड ठोठावला असेल, तर वसूल झालेल्या दंडातून पीडिताला भरपाई देता येते, मात्र निकाल अपीलयोग्य असल्यास अपिलाची मुदत संपेपर्यंत, आणि अपील झाल्यास त्याचा निर्णय होईपर्यंत, ही रक्कम वाटता येत नाही. शिक्षेत दंडाचा समावेश नसेल, तर न्यायालय आरोपीला स्वतंत्रपणे भरपाई देण्यास फर्मावू शकते. दंडाधिकाऱ्याच्या दंडाच्या अधिकाराला कायद्याने कमाल मर्यादा घातलेली आहे, तशी ती या दुसऱ्या प्रकारच्या भरपाईला नाही, आणि न वटलेल्या धनादेशांच्या खटल्यांत हा फरक विशेष महत्त्वाचा ठरत आला आहे.

हा अधिकार न्यायालयांनी उदारपणे वापरावा, असे सर्वोच्च न्यायालयाने 1988 मध्येच सांगितले होते. तरीही तो बहुधा कागदावरच राहिला, म्हणून 2013 मध्ये महाराष्ट्रातून आलेल्या एका अपिलात त्याच न्यायालयाने प्रत्येक फौजदारी खटल्यात भरपाईच्या प्रश्नाचा विचार करणे आणि निर्णयाची कारणे नोंदवणे हे न्यायालयाचे कर्तव्य ठरवले. रक्कम ठरवताना पीडिताच्या हानीबरोबर आरोपीची ऐपतही पाहावी लागते, आणि आदेशाचे यशापयश बहुतांशी येथेच ठरते. कारण आरोपीची मिळकत, जमीन, पगार यांची चौकशी न करता लिहिलेला मोठा आकडा वसूल होत नाही, आणि पीडिताच्या पदरी केवळ निकालाची प्रत उरते.

रक्कम न भरल्यास भोगावयाची कैद भरपाईच्या आदेशालाही जोडता येते, हे आता निर्विवाद आहे. अडचण अशी, की ही कैद भोगली म्हणजे देणे फिटले, अशी समजूत आरोपींमध्येच नव्हे तर पीडितांमध्येही खोलवर रुजलेली आहे. केरळमधून आलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2017 मध्ये ती स्पष्टपणे खोडून काढली. निव्वळ दंडाच्या बाबतीत पूर्ण कैद भोगल्यानंतर वसुलीचे अधिपत्र, म्हणजे वॉरंट, काढायचे तर विशेष कारणे नोंदवावी लागतात. परंतु भरपाईच्या बाबतीत ती अट कायद्यानेच काढून टाकलेली असल्यामुळे कैदेनंतरही वसुली करता येते, असा त्या निर्णयाचा अर्थ आहे. तुरुंगातील दिवसांनी मृताच्या मुलांचे शिक्षण किंवा जखमीचा औषधोपचार भागत नसल्यामुळे हा निर्णय न्याय्य आहे, आणि तो गावोगावी पोहोचणे अत्यंत आवश्यक आहे.

वसुलीचे मार्ग दोन आहेत. न्यायालय आरोपीची जंगम मालमत्ता जप्त करून विकण्याचे वॉरंट काढू शकते, किंवा जिल्हाधिकाऱ्याला वॉरंट पाठवून जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुली करण्यास सांगू शकते; या दुसऱ्या मार्गात शेतजमीन, घर अशा स्थावर मालमत्तेवरही टाच येते, मात्र त्या वॉरंटखाली आरोपीला अटक करता येत नाही. एकरकमी पैसे नसणाऱ्याला दोन किंवा तीन हप्त्यांची सवलत देण्याचीही तरतूद आहे आणि प्रामाणिक पण गरीब आरोपीच्या बाबतीत तीच पीडिताच्या अधिक हिताची असते.

आरोपीकडे काहीच नसेल, किंवा मिळालेली रक्कम पुनर्वसनास अपुरी असेल, तर न्यायालय जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे शिफारस करू शकते आणि राज्याच्या योजनेतून साहाय्य मिळू शकते; महाराष्ट्रात बलात्कार व आम्लहल्ल्याच्या पीडितांसाठी 2013 पासून ‘मनोधैर्य’ योजना आहे. आरोपीकडून रक्कम वसूल होत नसल्यास मात्र पीडिताने वेळ दवडता कामा नये. ज्या न्यायालयाने आदेश दिला, तेथेच वॉरंटसाठी अर्ज करावा, त्यात आरोपीच्या मालमत्तेचा माहीत असलेला तपशील, शक्य असल्यास सातबारा उताऱ्यासह, द्यावा आणि वकील परवडत नसल्यास विधी सेवा प्राधिकरणाकडे मोफत वकिलाची मागणी करावी.