मोठ्या आईची हवा

हवा शुद्ध करायचं यंत्र गाडीत घालून बोदलकशाला निघालो, तेव्हा घरात व्हायची तेवढी थट्टा झालीच. धाकटा भाऊ म्हणाला, "दादा, घागरभर पाणीही ने सोबत. तळ्यात ओतून ये."

त्याचं तसं काही चुकलं नव्हतं. तिरोडा तालुक्यातलं हे आमचं गाव ज्यांनी पाहिलं आहे, त्यांना वेगळं सांगायला नको. १९१७ साली बांध घालून अडवलेलं विस्तीर्ण तळं, सभोवती डोंगर आणि जंगल, पलीकडे नागझिऱ्याचं अभयारण्य. थंडीत पाहुणी बदकं येतात आणि त्यांच्या मागोमाग नागपूर-गोंदियाची माणसं हवा खायला येतात. अशा गावी हवेचं यंत्र नेणाऱ्याला लोक वेडा म्हणणार नाहीत तर काय?

पण माझा नाइलाज होता. माझी मोठी आई, म्हणजे वडिलांच्या थोरल्या भावाची बायको, गेली दोन वर्षं धापेनं हैराण आहे. कोठ्यातून अंगणात येईपर्यंत दोनदा टेकते. नागपूरला डॉक्टरांनी फुंकायला लावून तपासणी केली आणि पहिला प्रश्न विचारला, "बिडी ओढता का?" मोठी आई इतकी रागावली की तिथेच उठून उभी राहिली. गोंदिया जिल्ह्यात घरोघर बिड्या वळल्या गेल्या, पण या बाईनं जन्मात एकही ओठाला लावलेली नाही. डॉक्टर हसले. म्हणाले, "हा आजार न ओढणाऱ्यांनाही होतो." ते खरंच आहे. पुण्याचे डॉ. संदीप साळवी आणि लंडनचे डॉ. बार्न्स यांनी २००९ साली 'लॅन्सेट'मध्ये याच विषयावर लिहिलं होतं. श्वासनलिका कायमच्या आखडणाऱ्या या रोगाच्या रुग्णांपैकी पाव ते जवळजवळ निम्मे लोक कधीच धूम्रपान न केलेले असतात, असा त्यांचा अंदाज होता.

डॉक्टर 'हवा सांभाळा' म्हणाले आणि मी शहरी माणसासारखा सरळ दुकानात गेलो. दुकानदारानं जे सगळ्यात मोठं दिसत होतं ते दाखवलं. निळा दिवा, सात टप्प्यांची गाळणी, वर 'आयन' सोडायची सोय. खोली किती मोठी, रात्री चालवणार की दिवसा, आवाज किती, वीज किती, हे त्यानं विचारलं नाही आणि मीही विचारलं नाही. फ्रीज घेताना चार दुकानं पालथी घालणारा मी, पण श्वासाचा प्रश्न आला की माणूस घाबरून पैसे मोजतो.

कार्तिकाचे दिवस होते. धान कापणीला आलं होतं. यंत्र मोठ्या आईच्या उशाशी ठेवलं, पूर्ण वेगावर लावलं आणि कर्तव्य केल्याच्या समाधानात मी ओसरीत आडवा झालो. तासाभरानं हाक आली.

"बाबू, हे बंद कर गा. मले काईच आयकू येत नाई."

मला वाटलं, म्हातारीची झोपमोड झाली. पण प्रकरण निराळं होतं. कोठ्यात तिची गाय आणि दोन बकऱ्या. जंगल हाकेच्या अंतरावर. रात्री बिबट्या आला तर आधी बकरी पाय आपटते, मग कुत्रं भुंकतं. बांधीत रानडुकरं शिरली तर धानाची सळसळ वेगळी होते. मोठी आई पन्नास वर्षं एक कान जागा ठेवून झोपते आहे, आणि मी तिच्या कानाशी घरघरणारं जातं बसवलं होतं. शहरात आवाज नको असतो तो झोपेसाठी. इथे त्या आवाजानं घराची राखणच बंद पाडली होती.

यंत्र बंद केलं. सकाळी खिशातलं छोटं धूलिमापक काढलं. ही स्वस्तातली मापकं फार अचूक नसतात, पण कमी कुठे आणि जास्त कुठे एवढं कळायला पुरतात. हवेतल्या अडीच मायक्रॉनहून बारीक कणांचं वजन ती दाखवतात. आपला केस साधारण सत्तर मायक्रॉन जाड, यावरून कल्पना यावी. हे कण नाकात अडकत नाहीत, थेट फुप्फुसाच्या तळाशी जातात. जागतिक आरोग्य संघटना २०२१ पासून म्हणते की दिवसभराची सरासरी घनमीटरला १५ मायक्रोग्रॅमच्या आत असावी. आपल्याकडचं २००९ सालचं मानक ६० आहे. बोदलकशाच्या बांधावर उभा राहिलो तर आकडा माझ्या नागपूरच्या घराहून कमी. छाती फुगली. तसाच स्वयंपाकघरात गेलो.

वहिनीनं चूल पेटवली होती. आंघोळीचं पाणी एकीकडे, भाताचं आंधण दुसरीकडे. आकडा तीनशेवर गेला, मग पाचशेवर, मग मी तो पाहायचंच सोडलं. कारण वहिनीची तीन वर्षांची मुलगी तिच्या मांडीवर बसून, डोळे चोळत, जाळात काड्या सारत होती.

"गॅस आहे ना वहिनी?" मी विचारलं.

"आहे की. पाहुणे आले की लावतो."

हे उत्तर ऐकून शहरातले लोक कपाळाला हात लावतात. मीही लावला असता, पण शेजारी बसून तिचा हिशेब ऐकला. सिलिंडरला रोख पैसे लागतात, सरपणाला अंगमेहनत लागते. आणि शेतकऱ्याच्या घरात मेहनतीपेक्षा रोख पैसा दुर्मीळ. २०१६ साली उज्ज्वला योजना आली, घरोघर शेगड्या पोचल्या, हे मोठंच काम झालं. पण शेगडी आली म्हणून चूल गेली नाही. चहा, भाजी गॅसवर. पाणी, गुरांचं आंबोण, धान उकडणं चुलीवर. आणि धूर त्याच कवेलूंच्या खाली.

या धुराची गोष्ट तशी जुनी, आणि तिचं एक टोक आमच्या विदर्भातच आहे. वर्ध्याच्या मगनवाडीत, मगनलाल गांधींच्या नावानं, स्वातंत्र्याच्या सुमारास 'मगन चूल' घडली, धुराड्यातून धूर बाहेर काढणारी. १९५३ साली हैदराबादच्या एस. पी. राजूंनी बिनधुराच्या स्वयंपाकघरांवर पुस्तिका लिहिली. १९८३च्या सुमारास सरकारनं सुधारित चुलींचा देशव्यापी कार्यक्रम काढला, तो २००२ साली गुंडाळला. चुली बसल्या, पण धुराडी काजळीनं बुजली, ती झाडायला कुणी फिरकलं नाही, आणि बायकांनी पुन्हा तीन दगड मांडले. पुण्यात डॉ. आनंद कर्वे यांच्या 'आरती' संस्थेनं चिकाटीनं चुलींवर काम केलं. धुरामुळे नेमकं काय होतं हे मोजायला १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला कर्क स्मिथ नावाचा अमेरिकन शास्त्रज्ञ गुजरातच्या खेड्यांत आला आणि स्वयंपाक करणाऱ्या बायकांच्या अंगावर मापकं अडकवून बसला. तोवर जगाला 'प्रदूषण' म्हटलं की कारखान्याची चिमणीच दिसत होती.

मोठ्या आईचं वय आज सत्तरच्या पुढे. चूल सांभाळायला लागली तेव्हा ती चौदाची. हिशेब तुम्हीच करा.

आणि चूल हा एकच धूर नव्हे. तळं आलं की डास आले. रात्री खाटेखाली मच्छर अगरबत्ती जळत होती. एका वेटोळ्यातून निघणारे बारीक कण हे ७५ ते १३७ सिगारेटींच्या धुराइतके भरतात, असं २००३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मोजलं गेलं आहे. म्हणजे मोठ्या आईचा बिडीवरचा राग रास्त असला तरी धूर तिला चुकला नव्हताच. आमच्याकडे हिवताप आहे, तेव्हा 'अगरबत्ती बंद करा' असा नुसता सल्ला देऊन चालत नाही. औषध लावलेली मच्छरदाणी आणावी लागते. ती आणली.

यंत्राचं काय? त्या घरात ते कुठल्याही वेगावर चाललं असतं तरी फुकट होतं. कवेलूंच्या फटींतून हवा अखंड येत-जात असते. शुद्धीकरण यंत्र बंद खोलीतली हवा पुन्हा पुन्हा गाळतं. चाळणीसारख्या छपराखाली त्यानं गाळायचं तरी काय? फट असणं ही त्या घराची खोड नव्हे, तीच तर त्याची धुरापासूनची थोडीबहुत सुटका. आम्ही मग पाण्याची आणि आंबोणाची चूल मागच्या अंगणात, छपरीखाली हलवली. घरातल्या चुलीवर धुराडं बसवलं आणि दर अमावास्येला ते झाडायचं, असं चुलतभावाकडून कबूल करून घेतलं. वर्षातले दोन सिलिंडर माझ्याकडून. भाऊबीज समजा.

पौषात मात्र मोठी आई महिनाभर नागपूरला आली. फेरतपासणी होती. आमची खोली पक्की, खिडक्या लागणाऱ्या, बाहेर रस्त्याची धूळ. इथे यंत्राला खरं काम होतं. या खेपेला आधी अभ्यास केला, आणि दुकानात जे कुणी सांगत नाही ते इथे सांगतो.

पहिलं म्हणजे गाळणी खरी हवी. 'हेपा' म्हणतात ती, १९४०च्या दशकात अणुबॉम्बच्या कामातून निघालेली. ०.३ मायक्रॉनच्या कणांपैकी ९९.९७ टक्के अडवते ती खरी हेपा; 'हेपासारखी' म्हणून विकतात ती नव्हे. आयन, ओझोन वगैरे सोडणाऱ्या यंत्राच्या वाटेला जाऊ नये. ओझोन फुप्फुसाला खुपतो, दमेकऱ्याला तर अधिकच. निळ्या दिव्यानं झोप जाते, एवढंच.

दुसरं म्हणजे माप. खोली दहा बाय बारा फूट, उंची दहा. म्हणजे बाराशे घनफूट, सुमारे ३४ घनमीटर. तासाला पाच वेळा हवा गाळली जावी असं धरलं तर तासाला १७० घनमीटर स्वच्छ हवा देणारं यंत्र हवं. खोक्यावर 'सीएडीआर' म्हणून हा आकडा असतो. पण मेख अशी की तो आकडा सगळ्यात वरच्या वेगाचा असतो, आणि त्या वेगावर यंत्र असं ओरडतं की दोन रात्रींत माणूस ते बंद करून ठेवतो. बंद यंत्राची क्षमता शून्य.

म्हणून गरजेच्या दुप्पट क्षमतेचं यंत्र घ्यावं आणि खालच्या वेगावर चालवावं. यात नुसता शांतपणा नाही, बचतही आहे. पंख्याचा वेग निम्मा केला की त्याला लागणारी वीज, तत्त्वतः, आठव्या हिश्शावर येते आणि हवा मात्र निम्मी मिळते. आमचं पहिलं यंत्र पूर्ण वेगावर ६५ वॅट खात होतं; चोवीस तास चालवलं तर महिन्याला जवळपास ४७ युनिट. नवं यंत्र रात्रीच्या वेगावर १० वॅटच्या आत. रोज दहा तास धरले तरी महिन्याला तीन युनिट. आवाजाचं मोजमाप डेसिबलमध्ये. दहानं वाढला की कानाला साधारण दुप्पट वाटतो. झोपायच्या खोलीत ३० डेसिबलपेक्षा जास्त गोंगाट नसावा असं आरोग्य संघटनेनं १९९९ सालीच लिहून ठेवलं आहे. तेव्हा खोक्यावर खालच्या वेगाचा आकडा शोधा, आणि तो नसेल तर दुकानात लावून ऐका. दुकानाच्या गलबल्यात नाही, त्यांच्या मागच्या गोदामात. मी तसा ऐकला. दुकानदाराला मी चक्रम वाटलो, वाटो बापडा.

गाळणी बदलायचा खर्चही आधीच विचारावा. सहा महिने ते वर्षात ती बदलावी लागते, आणि पुष्कळदा यंत्र स्वस्त नि गाळणी महाग असा डाव असतो. शिवाय हे यंत्र कण अडवतं, शेगडीचा विषारी कार्बन मोनॉक्साइड अडवत नाही. तिथे खिडकीच उघडावी लागते. आमच्या सौ.नी मध्येच कुंड्यांचा पर्याय काढला होता. नासाचा १९८९ सालचा तो अभ्यास बंद पेटीतला होता. पुढे हिशेब मांडला गेला तेव्हा असं निघालं की खऱ्या घरात तेवढा परिणाम हवा तर चौरस मीटरला किमान दहा, कदाचित शेकड्यांनी झाडं लागतील. एवढी झाडं पाहायची तर बोदलकशालाच जावं. कुंड्या तरीही आल्या, हे सांगायला नकोच.

पहिल्या रात्री यंत्र लावून मी मोठ्या आईजवळ बसलो. ती बराच वेळ त्याच्याकडे पाहत होती.

"हे चालू हाय का बंद?"

"चालू आहे."

तिनं हात त्याच्या जाळीपुढे धरला. वारा लागल्यावर मान हलवली आणि कूस बदलली. रात्री दोनदा उठून पाहिलं, झोपली होती. धाप काही गेली नाही, ती जाणारी नाही, डॉक्टरांनी ते स्पष्ट सांगितलं आहे. खोकल्याच्या उबळी तेवढ्या कमी झाल्या. त्यातलं किती श्रेय औषधाचं, किती धूर सुटल्याचं नि किती यंत्राचं, कोण जाणे.

महिना झाला आणि तिनं जायची घाई केली. बकऱ्या व्यायला आल्या होत्या. यंत्र न्यायला ती तयार नव्हती, मीही आग्रह केला नाही. निघताना मात्र त्याचं रिकामं खोकं मागून घेतलं. परवा वहिनीचा फोन आला होता. धुराडं दोनदा झाडून झालं आहे, पोर आता मागच्या अंगणात खेळते, आणि मोठ्या आईनं त्या खोक्यात तणस घालून कोंबडी अंड्यांवर बसवली आहे.