शस्त्रपूजन आणि रुपेरी पडदा

खंडेनवमीस शस्त्रे उजळून पाटावर मांडावीत, त्यांस गंधपुष्प वाहावे आणि दसऱ्यास सीमोल्लंघन करावे, ही आपली पूर्वापार चालत आलेली रीत. ज्या घरी तलवार नाही, तेथे विळी-कोयता पूजिला जातो. परंतु तलवार कशी धरीत व कशी चालवीत, हे आजच्या मुलांस कळते ते बहुधा चित्रपटांतून आणि दूरचित्रवाणीच्या मालिकांतून. म्हणूनच पडद्यावरील शस्त्र खरे असावे, हा आग्रह केवळ इतिहाससंशोधकांचा राहत नाही. ज्या घरी शस्त्र पूजिले जाते, त्या प्रत्येक घराचा तो होतो.

पडद्यावर तलवार उपसली की खणकन आवाज होतो. वास्तविक आपल्याकडील म्यान लाकडाचे व वरून चामडे किंवा मखमल चढविलेले; त्यातून पाते जवळजवळ निःशब्दच बाहेर येते. पात्यावर पाते आपटीत राहिल्यास धार मोडते; म्हणून वार झेलावयास डाव्या हाती ढाल असे. तलवारीची मूठ आखूड आणि तिच्या टोकास वाटोळी चकती, त्यामुळे मनगट फारसे वळत नाही. वार खांद्यातून उतरतो. पट्ट्यात तर हात कोपरापर्यंत लोखंडी खोळीत असतो. त्याचे लांब, लवचीक पाते फिरवावयाचे ते सबंध बाहूने आणि पायांच्या तालावर. विट्यास दोरी बांधलेली असते. तो फेकून पुन्हा हाती ओढून घेता येतो. ही शस्त्रे युरोपीय तलवारबाजीच्या थाटात खेळविली, तर वेश मावळ्याचा आणि युद्ध परक्याचे, असा प्रकार होतो.

कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी १९२३ साली तानाजी मालुसरे यांच्या पराक्रमावर ‘सिंहगड’ हा मूकपट काढला. पुढे १९५२ साली भालजी पेंढारकरांचा ‘छत्रपती शिवाजी’ आला. त्याच कोल्हापुरात मर्दानी खेळाची परंपरा तालमींनी आजही जपली आहे. पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयासारख्या ठिकाणी शस्त्राचा आकार पाहावयास मिळतो. पवित्रा मात्र वस्तादापाशीच शिकावा लागतो.

चित्रीकरणात धार बोथट ठेवावी लागते, शस्त्र हलक्या धातूचेही चालते. कलावंताच्या जिवाहून सत्याभास मोठा नव्हे. परंतु खऱ्या शस्त्राचे वजन त्याच्या हालचालीत दिसले पाहिजे, आणि ते दीर्घ सरावावाचून दिसत नाही. निर्मात्यांनी नुसते रूप उचलले आणि विद्या तालमीतच राहू दिली, तर ती विद्या शिकावयास पुढे कोण येणार?

पांडवांनी शमीवर शस्त्रे ठेविली, तरी अर्जुनाची धनुर्विद्या त्याच्या अंगीच होती. म्हणूनच वेळ येताच गांडीव त्याच्या कामी आले. आज सोने लुटताना जवळच्या तालमीतील वस्तादांसही सोने द्यावे, आणि मुलांस बरोबर न्यावे.