देवगिरीचे ग्रंथधन

चाळीसगावच्या दक्षिणेला, पाटणादेवीच्या डोंगरात सापडलेला एक शिलालेख प्रत्येक मराठी माणसाने माहीत करून घ्यावा असा आहे. त्याचा बराचसा भाग संस्कृत पद्यात आहे, पण देणग्यांचा तपशील सरळ मराठीत कोरलेला आहे. पेठेत येणाऱ्या मालावर गिऱ्हाइकाकडून राजाला मिळणारा हिस्सा मठाला द्यावा, गिऱ्हाइकाकडून पाच सुपाऱ्या घ्याव्यात, जितके तेलाचे घाणे चालतील तितक्यांकडून पळी पळी तेल घ्यावे, अशी ती व्यवस्था आहे. मठ होता भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा सिंघण यादवाच्या दरबारी ज्योतिषी होता. त्याने हा मठ स्थापला आणि निकुंभ कुळातल्या सोइदेवाने १२०७ सालच्या श्रावणातल्या चंद्रग्रहणाच्या पर्वावर त्याला दान दिले. म्हणजे आठशे वर्षांपूर्वी खानदेशातला तेली आणि किराणा घेणारे गिऱ्हाईक मिळून गणिताची एक पाठशाळा चालवत होते.

यादवांचा काळ म्हटला की आपल्याला ज्ञानेश्वरी आठवते, देवगिरीचा किल्ला आठवतो, १२९६ची अल्लाउद्दीन खलजीची स्वारी आठवते. पण याच राज्यात गणित, संगीत, वास्तू आणि इतिहास या चारही विषयांचे मोठे काम झाले. राज्य चौदाव्या शतकाच्या आरंभी बुडाले. विद्या मात्र बुडाली नाही, कारण पिढ्यान्‌पिढ्या कुणी ना कुणी ती शिकवली, उतरवून घेतली, तिच्यावर टीका लिहिली आणि शेवटी ती छापली. त्या माणसांची ही हकिगत आहे.

लीलावतीचा प्रवास

भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६, म्हणजे इ.स. १११४चा. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, ११५० साली, त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' पूर्ण केला. लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय हे त्याचे चार भाग. लीलावतीत व्याज आहे, त्रैराशिक आहे, विटांच्या राशीत किती विटा बसतील याचा हिशेब आहे, लाकूड कापण्याची मजुरी आहे. शेवटच्या 'अंकपाश' प्रकरणात दहा हातांच्या शंकराचा प्रश्न येतो. दहा आयुधे दहा हातांत अदलाबदल करून धरली तर मूर्तीचे किती प्रकार होतील? उत्तर ३६,२८,८००. चार हातांच्या विष्णूचे चोवीसच.

चांगदेवाचा मठ काळाच्या ओघात गेला, पण ग्रंथाला नवे वाचक मिळत राहिले. कोकणातल्या नांदगावचे गणेश दैवज्ञ, ज्यांच्या 'ग्रहलाघवा'वर आपल्याकडची पंचांगे शतकानुशतके तयार होत, त्यांनी १५४५ साली लीलावतीवर 'बुद्धिविलासिनी' टीका लिहिली. भास्कराचार्यांनी नियम दिले होते. ते का बरोबर आहेत याची उपपत्ती गणेश दैवज्ञांनी मांडली. १५८७ साली अकबराच्या दरबारातल्या फैजीने लीलावती फारसीत नेली. १८१६ साली मुंबईत जॉन टेलरचे आणि पुढच्याच वर्षी लंडनला कोलब्रुकचे इंग्रजी भाषांतर छापले गेले. पाटणादेवीच्या डोंगरातला तो शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी १८६५ साली विद्वानांपुढे ठेवला आणि आचार्यांच्या कुळाचा दगडावरचा पुरावा मिळाला. पुण्याच्या आनंदाश्रमाने १९३७ मध्ये लीलावती बुद्धिविलासिनीसह छापली. ना. ह. फडके यांच्या 'लीलावती पुनर्दर्शन'मुळे ती मराठी वाचकाच्या घरात आली.

श्रीकरणाधिपाचे संगीत

त्याच सिंघणाच्या दरबारी शार्ङ्गदेव होता. त्याचे आजोबा काश्मिरातून दक्षिणेत आले, वडील सोढल यादवांच्या चाकरीत होते आणि तो स्वतः श्रीकरणाधिप, म्हणजे राज्याच्या हिशेबखात्याचा प्रमुख होता. त्याच्या 'संगीतरत्नाकरा'चे सात अध्याय आहेत : स्वर, राग, प्रकीर्णक, प्रबंध, ताल, वाद्य आणि नृत्य. रागाध्यायात २६४ रागांची नोंद आहे. नाद देहातून उमटतो, म्हणून गर्भात देह कसा घडतो हेही तो सांगतो.

हिशेबाच्या माणसाची शिस्त या ग्रंथात पानोपानी दिसते. सप्तकातल्या बावीस श्रुती, म्हणजे सूक्ष्म स्वरांतरे, पटवण्यासाठी तो बावीस-बावीस तारांच्या दोन वीणा घ्यायला सांगतो. एक ध्रुव, तिला हात लावायचा नाही. दुसरी चल, तिच्या तारा पायरीपायरीने उतरवायच्या आणि पहिलीशी ताडून पाहायच्या. सात स्वर एकदाच घेऊन किती क्रमांनी मांडता येतील, तर ५,०४० असे तो देतो. पुढे 'खंडमेरू' नावाच्या कोष्टकात खडे ठेवून, क्रमांकावरून स्वररचना शोधण्याची रीत आणि स्वररचनेवरून तिचा क्रमांक काढण्याची रीत शिकवतो. पहिलीला नष्ट म्हणतात, दुसरीला उद्दिष्ट. लीलावतीतल्या आयुधांचे गणित आणि शार्ङ्गदेवाच्या तानांचे गणित एकच आहे. गायन आणि गणित ही दोन वेगळी दालने आहेत ही समजूत त्या काळाला ठाऊक नव्हती.

पंधराव्या शतकात विजयनगरात कल्लिनाथाने या ग्रंथावर 'कलानिधी' टीका लिहिली. आनंदाश्रमाने १८९६-९७ मध्ये मंगेश रामकृष्ण तेलंग यांच्या संपादनाखाली मूळ ग्रंथ त्या टीकेसह छापला. पोथीसाठी दारोदार फिरावे लागणाऱ्या अभ्यासकाला तो प्रथमच सहज मिळाला. विष्णु नारायण भातखंडे यांच्या पिढीला ही छापील प्रत हाती असल्याने जुने शास्त्र आणि चालू गायकी यांची तुलना करता आली. भातखंडे स्वतः १९०४ साली दक्षिणेत पोथ्यांच्या शोधात गेले आणि एट्टयापुरमला व्यंकटमखीच्या 'चतुर्दंडिप्रकाशिके'पर्यंत पोचले. पुढे ग. ह. तारळेकरांनी रत्नाकर मराठीत आणला.

दगडातले शास्त्र

चुना न वापरता रचलेले काळ्या दगडाचे देऊळ दिसले की आपण ते हेमाडपंती म्हणतो आणि यादवांचा प्रधान हेमाद्री याच्या नावावर जमा करतो. पण अंबरनाथच्या शिवमंदिरातल्या लेखाचा शक ९८२, म्हणजे इ.स. १०६० आहे, हेमाद्री त्यानंतर दोनशे वर्षांनी झाला. या देवळांची घडण समजायला मदत झाली ती माळव्यातल्या एका ग्रंथाची. धारच्या भोज परमाराच्या 'समरांगणसूत्रधारा'त ८३ अध्याय आहेत आणि त्यात भूमिज प्रासादांवर, म्हणजे भूमिज प्रकारच्या देवळांवर, स्वतंत्र अध्याय आहे. ज्याच्या शिखरावर चार बाजूंना उभे पट्टे आणि त्यांच्या मध्ये लहान शिखरांच्या ओळी चढत जातात, तो हा प्रकार. अंबरनाथ आणि सिन्नरचा गोंदेश्वर ही त्याची ठळक उदाहरणे.

हा ग्रंथ बडोद्याच्या गायकवाड ग्रंथमालेत १९२४-२५ मध्ये त्रिवेंद्रमच्या गणपतिशास्त्र्यांनी संपादित केला. बडोद्याचे महाराज सयाजीराव यांच्या आश्रयाखाली त्रिवेंद्रमच्या पंडिताने माळव्याचा ग्रंथ छापला आणि महाराष्ट्रातल्या देवळांना त्यांच्या शास्त्रातले नाव परत मिळाले. हेन्री कझिन्सने १९३१च्या ग्रंथात दख्खनच्या मध्ययुगीन देवळांचे आराखडे आणि छायाचित्रे दिली. पुढे गो. बं. देगलूरकरांसारख्या संशोधकांनी हा अभ्यास गावोगाव फिरून वाढवला.

व्रतांच्या ग्रंथात इतिहास

हेमाद्रीचे खरे स्मारक 'चतुर्वर्गचिंतामणी' हा धर्मशास्त्राचा प्रचंड ग्रंथ आहे. त्याच्या व्रतखंडाच्या आरंभी 'राजप्रशस्ती' आहे. यादव कुळाची वंशावळ हेमाद्री चंद्रापासून, यदूपासून सुरू करतो, आणि पुढे दृढप्रहारापासून खरे राजे येतात. डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनी या प्रशस्तीच्या पोथ्या एकमेकींशी ताडल्या, ताम्रपट आणि शिलालेखांशी जुळवल्या आणि १८८४च्या आपल्या दख्खनच्या इतिहासात यादवांचे प्रकरण उभे केले. मूळ संस्कृत पाठही परिशिष्टात छापला, म्हणजे वाचकाला निष्कर्ष स्वतः तपासता यावा. इतिहास लिहिण्याची ही सचोटी त्यांनी महाराष्ट्राला शिकवली.

मुंबई सरकारने १८६६ पासून पोथ्या जमवायला सुरुवात केली होती. त्या कामात ब्यूलर, कीलहॉर्न आणि भांडारकर होते. ६ जुलै १९१७ रोजी, भांडारकरांच्या ऐंशीव्या वाढदिवशी, पुण्यात भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिर स्थापन झाले. त्यांनी आपले ग्रंथालय संस्थेला दिले आणि पाठोपाठ सरकारी पोथ्याही तिथे आल्या.

आपल्या वाट्याचे काम

हे सारे ग्रंथ आज उपलब्ध आहेत. आनंदाश्रमाच्या आणि बडोद्याच्या जुन्या आवृत्त्या मोठ्या ग्रंथालयांत आहेत आणि पुष्कळशा संगणकावरही वाचता येतात. पण अनेक वाड्यांच्या माळ्यांवर अजून पोथ्यांची बासने आहेत. वाचता येत नाहीत म्हणून ती नदीत सोडू नयेत, रद्दीत घालू नयेत. जवळच्या संशोधन संस्थेला दाखवावीत. संगीताच्या वर्गात खंडमेरू यावा, शाळेच्या गणितात शंकराच्या आयुधांचे कोडे यावे, मंदिर पाहायला जाताना त्याचा प्रकार ओळखायला मुलांना शिकवावे.

कुलूपबंद पोथी सुरक्षित राहील, पण ती कुणाला काही शिकवणार नाही. चांगदेवाने आजोबांचे ग्रंथ पेटीत जपले नाहीत, ते शिकवण्यासाठी मठ काढला. आणि त्याचा खर्च गावाने आपल्या रोजच्या व्यवहारातून दिला. त्या घाण्यांनी दिलेल्या पळीभर तेलाइतका वाटा आपणही उचलू शकतो : एखादी पोथी योग्य हाती पोचवावी, एखाद्या संस्थेला वर्गणी द्यावी, आणि यंदाच्या दिवाळीच्या सुट्टीत घरातल्या मुलांबरोबर लीलावतीतली दहा गणिते सोडवावीत.