लेखांक ६ : पाच लाखांचं कार्ड आणि फौजी पेन्शनर

गेल्या आठवड्यात रेशनकार्डावर मिळणाऱ्या उपचारांबद्दल लिहिलं होतं. त्यात निवडीचा प्रश्न नव्हता. या आठवड्याचा विषय निवडीचाच आहे, आणि मावळात तो जरा जास्तच अडचणीचा आहे. लोणावळ्यात आयएनएस शिवाजी, देहूरोडला दारूगोळ्याचा कारखाना आणि लष्कराचे डेपो, तळेगावला सीआरपीएफचा तळ, आणि घाटाच्या तोंडाशी रेल्वे. या खात्यांतून निवृत्त झालेली पुष्कळ माणसं इथंच घर बांधून राहिली. त्यामुळे एकाच आळीत एक म्हातारा रेशनकार्डावर उपचार घेतो, दुसरा माजी सैनिकांसाठीच्या ईसीएचएसच्या पॉलिक्लिनिकमध्ये जातो आणि तिसऱ्याच्या पाकिटात केंद्र सरकारच्या पेन्शनरांसाठीच्या सीजीएचएसचं कार्ड असतं. गावात शिबिराची रिक्षा फिरते तेव्हा मात्र भोंग्यावरून तिघांनाही एकच सांगितलं जातं: सत्तरी झाली असेल तर पाच लाखांचं कार्ड काढून घ्या, फुकट आहे.

कार्ड फुकट आहे हे खरंच. पण तिघांपैकी दोघांना त्याची किंमत द्यावी लागते, आणि ती भोंग्यावरून सांगत नाहीत.

केंद्रीय मंत्रिमंडळानं ११ सप्टेंबर २०२४ ला निर्णय घेतला आणि २९ ऑक्टोबरला आयुष्मान वय वंदना कार्ड सुरू झालं. वयाची ७० वर्षं पूर्ण झालेल्या कुणालाही ते मिळतं. उत्पन्न विचारत नाहीत. घराला वर्षाला ५ लाखांपर्यंतचे रुग्णालयातले उपचार मिळतात. नवरा-बायको दोघंही सत्तरीपुढचे असतील तर कार्डं दोन, पण रक्कम दोघांत मिळून एकच. घर आधीपासून प्रधानमंत्री जन आरोग्य योजनेत असेल, तर ज्येष्ठांसाठी वेगळे ५ लाख मिळतात आणि त्यात घरातल्या तरुणांचा वाटा नसतो. आधीचा मधुमेह, रक्तदाब, हृदयविकार पहिल्या दिवसापासून धरले जातात. खासगी पॉलिसी असलेल्यांना किंवा ईएसआयसीत असलेल्यांना काहीच सोडावं लागत नाही, दोन्ही चालतात. शेतकऱ्यानं, दुकानदारानं, चिक्कीच्या भट्टीवर आयुष्य काढलेल्या माणसानं यात फार विचार करू नये. कार्ड काढावं.

विचार करायचा तो सीजीएचएस, ईसीएचएस आणि निमलष्करी दलांच्या आयुष्मान सीएपीएफ योजनेतल्या लोकांनी. त्यांना जुनी योजना किंवा नवं कार्ड, यांपैकी एकच ठेवता येतं. ही निवड एकदाच करायची असते. अमेरिकेत मुलाकडे राहून आलेल्यांनी तिथल्या मेडिकेअरबद्दल ऐकलं असेल. तिथं दरवर्षी १५ ऑक्टोबर ते ७ डिसेंबर या काळात ज्येष्ठांना आपला प्लॅन बदलता येतो आणि चुकला तर पुढच्या वर्षी पुन्हा बदलता येतो. आपल्याकडे असा हंगाम नाही. सत्तरी भरल्यावर वर्षात कधीही अर्ज करा, पण पाळी एकदाच येते. म्हणजे घाई करायचं कारणही नाही. आज अर्ज केला नाही म्हणून हक्क बुडत नाही.

सोडायचं काय आणि मिळायचं काय, हे ताडताना बहुतेकांची नजर पाच लाखांवर खिळते. माझ्या मते तिथंच हिशेब चुकतो. वय वंदना कार्ड चालतं ते रुग्णालयात दाखल झाल्यावर. दाखल होण्याआधीचे ३ दिवस आणि घरी सोडल्यानंतरचे १५ दिवस त्यात धरतात. दर महिन्याची साखरेची, रक्तदाबाची, थायरॉइडची गोळी त्यात नाही. डॉक्टरला नुसतं दाखवायला गेलात तर तेही नाही. ईसीएचएस आणि सीजीएचएसमध्ये मात्र बाह्यरुग्ण तपासणी आहे आणि महिन्याची औषधंही आहेत. शिवाय वर्षाला अमुक रकमेनंतर बंद अशी पाच लाखांसारखी रेघही तिथं मारलेली नाही. सत्तरीतला माणूस वर्षातून एखाद्या वेळी दाखल होतो, कधी होतही नाही. गोळ्या तो रोज खातो. फौजी पेन्शनरानं पॉलिक्लिनिक सोडून या कार्डाकडे येणं मला बहुतेक वेळा तोट्याचंच वाटतं.

बायकोचाही विचार आधी करायला हवा. ईसीएचएसमध्ये तिचं कार्ड नवऱ्याच्या सेवेवर असतं. नवरा ७२ चा आणि ती ६६ ची असेल, तर वय वंदना कार्ड तिला अजून मिळत नाही. नवऱ्यानं बाहेर पडायचं ठरवलं तर आपल्या बायकोचं काय होणार, हे पॉलिक्लिनिकच्या प्रभारी अधिकाऱ्याला आधी विचारावं आणि उत्तर लेखी घ्यावं. रेल्वेच्या पेन्शनरांनीही कार्ड काढण्यापूर्वी आपल्या कार्यालयात हेच करावं. शिबिरातला ऑपरेटर याची जबाबदारी घेणार नाही, त्यानं घ्यावी अशी अपेक्षाही बरोबर नाही. त्याच्या रांगेत पन्नास माणसं उभी असतात.

केंद्र सरकारच्या नागरी पेन्शनरांचा एक वेगळा गट मावळात आहे. सीजीएचएसची केंद्रं पुणे शहरात आहेत. तिथवर दर महिन्याला कोण जाणार, म्हणून अनेकांनी ते कार्ड न घेता महिन्याला १,००० रुपयांचा वैद्यकीय भत्ता पसंत केला. निवृत्त झाल्यावर सुरुवातीला तो ठीक वाटला. आता गोळ्यांचंच बिल त्याच्या पुढं जातं. अशांनी वय वंदना कार्डाकडे पाहण्याआधी सीजीएचएसचा पर्याय तपासावा, कारण निवृत्तीनंतरही तो घेता येतो. दहा वर्षांची वर्गणी एकरकमी भरली की कार्ड आयुष्यभराचं होतं.

ज्यांनी कार्ड काढायचं ठरवलं, त्यांना आधार आणि केवायसी एवढंच लागतं. आयुष्मान अ‍ॅपवर घरबसल्या होतं, नाहीतर आपले सरकार केंद्रात किंवा योजनेतल्या रुग्णालयातल्या आरोग्यमित्राकडे जावं. भातलावणीत झिजलेल्या बोटांचा अंगठा मशीनवर उमटत नाही, तेव्हा ओटीपी किंवा चेहऱ्यावरून ओळख पटवता येते. हे मागावं लागतं, आपणहून कुणी सांगेलच असं नाही. अर्जात दुसऱ्या सरकारी योजनेबद्दल विचारतात. तिथं बोट ठेवण्याआधी वाचून घ्यावं, नातवाकडून वाचून घेतलं तरी चालेल. आणि कार्ड हातात आलं तरी आपल्याला जिथं जायचं आहे ते तळेगावचं किंवा पिंपरी-चिंचवडचं रुग्णालय यादीत आहे का, आणि आपला आजार तिथं योजनेत होतो का, हे १४५५५ वर फोन करून आधी विचारावं.

वय मोजतात ते आधारवरून. वाड्यावस्त्यांवर कित्येकांच्या आधारवर १ जानेवारी ही तारीख आणि अंदाजानं घातलेलं साल असतं. खरा ७३ चा माणूस कागदावर ६८ चा निघतो आणि त्याला परत पाठवतात. जन्मतारखेची दुरुस्ती आधारमध्ये साधारणपणे एकदाच करता येते. म्हणून पुरावा हातात आल्याशिवाय त्या खिडकीवर जाऊ नये.

पुढच्या आठवड्यात : खासगी पॉलिसी एका कंपनीकडून दुसरीकडे नेताना नूतनीकरणाच्या तारखेआधीचे ४५ दिवस का महत्त्वाचे असतात.