बोसन आणि व्हिटल्स

इंग्रजीतील काही अनवट शब्दांचे लेखन एक आणि उच्चार भलताच असतो. जहाजांवर रुळलेले शब्द याचे ठळक उदाहरण होत. अक्षरे जुळवल्यास ‘बोट्स्वेन’ असा वाचला जाणारा शब्द प्रत्यक्षात ‘बोसन’ असा उच्चारतात. त्यातील ‘स्वेन’, म्हणजे तरुण गडी, हा घटक प्राचीन नॉर्स भाषेतून आला असून, संपूर्ण शब्दाचा अर्थ डेकवरील दोरखंडांची व खलाशांची व्यवस्था पाहणारा मुकादम, ज्याला भारतीय खलाशी ‘सारंग’ म्हणत. येथे बोलण्यात उच्चार झिजला, लेखन मात्र टिकले. शिधा या अर्थाच्या ‘व्हिटल्स’ची कथा उलटी आणि अधिक उद्बोधक आहे: हा शब्द जुन्या फ्रेंचमधून ‘क’ ध्वनीविना आला, पुढे लॅटिन मूळ दाखवण्यासाठी विद्वानांनी लेखनात ‘सी’ हे अक्षर घातले, परंतु बोलणाऱ्यांनी ते स्वीकारले नाही.