नानखटाईतील चमचाभर दही

बाजारातील बिस्किट हाती घेताना आपल्या घरांत पहिला प्रश्न अंड्याचा असतो. घरच्या नानखटाईत तो उद्भवतच नाही. पीठ हलके करण्याचे काम तेथे चमचाभर ताजे दही करते. दह्यातील आम्ल व खाण्याचा सोडा एकत्र येताच वायू निर्माण होतो.

अर्धी वाटी तूप व अर्धी वाटी पिठीसाखर फेसावी. दही, पाव चमचा सोडा व वेलदोड्याची पूड घालून सव्वा वाटी मैदा मिसळावा. चपटे गोळे १७० अंशांवर १५ ते १८ मिनिटे भाजावेत. ते गार झाल्यावरच खुसखुशीत होतात.

मात्र नेहमीचे बेसन येथे वर्ज्य समजावे, कारण कच्चे दही आणि डाळीचे पीठ म्हणजे द्विदल. त्याऐवजी दोन चमचे बारीक रवा घातल्यास बेसनाची उणीव भासत नाही.